वरचा डबा

कॅमेरा ते आधी समोरच्या माणसाच्या हातात द्यायचे.

फोटो काढणारा माणूस आपल्याला सरळ उभं राहायला सांगतो, हनुवटी वर घ्यायला सांगतो आणि मग स्वतः एका डोळ्याचा होऊन आपल्याकडे पाहत राहतो. तुम्हीही अशा माणसासमोर कधीतरी अवघडून उभे राहिला असाल. आमच्या उस्तादांची रीत निराळी होती. पाठीवर दगड वाहून दमलेल्या एखाद्या मजुरापाशी ते जात, सलाम करत, गाव विचारत, आणि मग तो काळा, जड, चावी देऊन चालवायचा सिनेमाचा कॅमेरा त्याच्यापुढे धरून म्हणत, "आधी तू बघ. मग मी बघतो."

मजूर लुंगीला हात पुसायचा. एकदा माझ्याकडे बघायचा, एकदा त्या यंत्राकडे. शेवटी डोळा लावायचा आणि त्याला त्या इवल्या चौकटीत खाडी दिसायची, लाकडी गलबतं दिसायची, पलीकडे बसलेला त्याचाच जोडीदार दिसायचा. तो हसला की उस्ताद कॅमेरा परत घेत. तोवर त्या माणसाचं अवघडलेपण गेलेलं असायचं.

ही हातचलाखी आहे असं मी एकदा त्यांना म्हणालो. त्यांना राग आला नाही. "कुणाच्या घरात शिरताना दार वाजवतोस की नाही? तसं आहे हे," ते म्हणाले. "चेहरा म्हणजे घरच की."

ही गोष्ट दुबईतली, साठच्या दशकाच्या मधल्या वर्षांतली. तेव्हा अमिराती हा एक देश झाला नव्हता. खाडीच्या दोन काठांवर दोन वस्त्या, मधून माणसांची ने-आण करणाऱ्या होड्या, आणि खाडीच्या तोंडाशी दगडी बांधाचं काम. मी बावीस वर्षांचा होतो. रत्नागिरीकडच्या एका खाडीकाठच्या गावातून आलेलो. माझ्या मामूंनी मला एका व्यापारी पेढीत मालसोडवणीचा कारकून म्हणून चिकटवलं होतं. बोटीने आलेला माल जकातीच्या धक्क्यावरून सोडवून आणायचा आणि जाणारा माल रवाना करायचा, एवढंच माझं काम.

या धंद्याची गुरुकिल्ली मामूंनी मला पहिल्याच दिवशी दिली होती. "जकातीच्या मुनशीनं सांगायची वाट बघू नको. एक पेटी आपणहून उघड. एक उघडलीस की बाकीच्या मिटलेल्या राहतात." मी ती शिकवण ताईतासारखी बांधून घेतली. मामूंचा त्यात काही दोष नाही. पुढे जे घडलं ते माझ्या हातून घडलं.

उस्तादांची आणि माझी गाठ त्या धक्क्यावरच पडली. त्यांच्या सामानाच्या पेट्या आल्या होत्या आणि चाळिशीचा, विरळ केसांचा, उन्हाने तांबारलेला एक गृहस्थ मान एका बाजूला कलवून जकातीच्या मुनशीला जिवाच्या आकांताने काहीतरी समजावत होता. मुनशी स्थानिक अरब होता. थोडा वेळ ऐकून घेऊन तो माझ्याकडे वळला. आम्हा लोकांशी तो नेहमी हिंदीत बोलायचा.

"ये अरब है ना? फिर अरबी क्यों नहीं बोलता?"

"अरबीच बोलतायत ते."

"ये कौन सा अरबी है, भाई? मेरे बाप ने भी नहीं सुना."

ते ट्युनिशियाचे होते. त्यांची अरबी फ्रेंचमध्ये भिजलेली आणि चालीने भलतीच घाईची. मी धक्क्यावर शिकलेली मोडकी अरबी आणि शाळेतलं इंग्रजी जोडून त्यांचं म्हणणं मुनशीला सांगितलं, आणि मुनशीला ते समजलं. एका अरबाचं अरबी दुसऱ्या अरबाला समजावून सांगणारा कोकणी दुभाषा, अशी माझी ख्याती त्या दिवसापासून धक्क्यावर पसरली. उस्ताद स्वतःच त्यावर सगळ्यात जास्त हसले. म्हणाले, "काय करू, खूया, येताना वाटेत माझ्या शब्दांतले स्वर समुद्रात पडले."

खूया म्हणजे त्यांच्याकडे भाऊ. वयाने मी त्यांच्या मुलासारखा होतो, पण त्यांनी मला कधी दुसऱ्या नावाने हाक मारली नाही. आमचं बोलणं अरबी, इंग्रजी आणि थोड्या हिंदीच्या खिचडीत चालायचं. ते मी इथे माझ्या भाषेत लिहितो आहे.

पेढीची परवानगी घेऊन मी दुपारनंतर त्यांच्याबरोबर जाऊ लागलो. होडीत बसून खाडी ओलांडताना ते स्वतःबद्दल तुकड्यातुकड्याने सांगत. वडील फॉस्फेटच्या खाणीत होते. पांढरी धूळ छातीत साठून खोकत खोकत गेले. मुलगा गावातल्या सिनेमागृहात यंत्र फिरवायला लागला आणि तिथून शिकत शिकत पॅरिसला पोहोचला. परत येऊन त्यांनी पहिला चित्रपट केला तो खाणीवरच. त्यात खाण दिसतच नव्हती. संध्याकाळी नळावर हात धुणारी माणसं, एवढंच. पाणी पांढरं होऊन वाहतं, माणसं धूत राहतात, पाणी पांढरंच राहतं. तेव्हाच्या फ्रेंच अधिकाऱ्यांनी तो बंद पाडला.

"हात धुण्यावर बंदी?" मी विचारलं.

"हात धुवायला हरकत नव्हती. मळ दाखवायला होती."

पुढे शेजारच्या देशात स्वातंत्र्याची लढाई पेटली. त्या काळात ते सरहद्दीवरून चित्रफितींचे डबे इकडून तिकडे नेत असत. याबद्दल ते फार बोलत नसत. सैनिक सामान तपासत, एवढंच एकदा म्हणाले आणि खाडीकडे पाहत राहिले. त्यांचा स्वतःचा देश स्वतंत्र झाल्यावर त्यांना सरकारी बातमीपट खात्यात नोकरी लागली. ती गेली एका मंत्र्याच्या भाषणामुळे. मंत्री बोलत होते आणि यांचा कॅमेरा पूर्ण वेळ श्रोत्यांच्या पायांवर. फाटक्या चपला, अनवाणी टाचा, एकाच्या बुटाला बांधलेली सुतळी.

"मंत्री काय म्हणाले ते रेडिओवर होतंच की," ते निरागस चेहऱ्याने म्हणाले.

दुबईला ते आले होते बांध घालणाऱ्या एका परदेशी कंपनीसाठी. कंपनीला आपल्या यंत्रांवर वीस मिनिटांचा माहितीपट हवा होता. उस्तादांना पोटासाठी काम हवं होतं. करार झाला. पण नव्या क्रेनसमोर त्यांना उभं केलं की त्यांचा चेहरा पाहण्यासारखा व्हायचा. बळजबरीने दुसऱ्याच्या लग्नात आणलेल्या माणसासारखा. "लोखंड हा वाईट नट आहे," ते म्हणत. "त्याला घाम येत नाही." क्रेनवर एक मिनिट घालवून ते दगड वाहणाऱ्यांकडे वळत आणि मग तासभर तिकडेच.

बांधावरच्या गोऱ्या साहेबाच्या हे लक्षात आलं. त्याने एकदा सगळ्यांसमोर त्यांना टोकलं. "तुम्हाला क्रेनसाठी आणलंय."

"दाखवतो ना क्रेन," उस्ताद म्हणाले. "ती कुणी उभी केली तेही दाखवतो. नाहीतर लोकांना वाटेल, ती झाडासारखी उगवली."

मजूर हसले. साहेब हसला नाही.

चित्रफितीला उष्णता बाधते, म्हणून भरलेले डबे कुठेतरी थंड ठेवावे लागत. ती व्यवस्था माझ्याकडे होती. बर्फाच्या कारखान्याच्या मागच्या खोलीत, मासळीच्या टोपल्यांशेजारी मी ते मेणकापडात गुंडाळून ठेवत असे. पहिली खेप पॅरिसच्या प्रयोगशाळेत पोहोचली तेव्हा तिथून पत्र आलं, की काम उत्तम आहे, मात्र डब्यांना सुरमईचा वास का येतो ते कळावं. उस्तादांनी ते पत्र खिशात ठेवलं होतं. कुणीही भेटलं की वाचून दाखवायचे.

त्या मजुरांत इब्राहिम होता. माझ्याच गावच्या खालच्या मोहल्ल्यातला, माझ्याहून चारपाच वर्षांनी मोठा. लाँचने लपतछपत आलेला. पुढचा एक दात तुटका, हसायला लागला की हाताने तोंड झाकायचा. तो गाव सोडून आल्यावर त्याला मुलगी झाली होती. पत्रातून नाव कळलं होतं, मुमताज. त्या मुलीबद्दल तो इतकं बोलायचा की बाकीचे मजूर तिला त्याच्याआधी ओळखू लागले होते.

उस्तादांनी त्याच्या हातात कॅमेरा दिला तेव्हा तो घाबरला. "ना रे बाबा. फुटला मंजे?"

"बघ तर."

त्याने डोळा लावला. कॅमेरा खाडीच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत फिरवला. मग म्हणाला, "आरे, हेच्यात त सगली खाडीच मावली!" आणि कॅमेरा परत द्यायलाच तयार होईना. उस्तादांनी मला विचारायला सांगितलं, याला कुणाला काही सांगायचं आहे का. आवाज येणार नाही, फक्त चेहरा येईल. इब्राहिमने क्षणभर विचार केला, हात तोंडावरून खाली घेतला आणि कॅमेऱ्याकडे पाहून आपल्या न पाहिलेल्या मुलीशी बोलायला लागला. मी बाजूला उभा होतो. ऊन कलतं होतं. काय बोलला ते सगळं मला आज आठवत नाही, पण मध्येच तो हसला आणि त्या वेळी त्याने तोंड झाकलं नाही, हे आठवतं.

तेवढ्यात साहेब तिथे आला. काम थांबवून हे काय चाललंय, असं त्याने विचारलं आणि जाताना बजावलं, की यापुढे प्रत्येक डबा आधी कंपनीच्या कचेरीत येईल, मग पॅरिसला जाईल.

उस्तादांनी मान डोलावली. दुसऱ्याच दिवशी सकाळी त्यांनी माझ्याकडून पत्र्याची ट्रंक मागवली. कचेरीचा माणूस यायच्या आत डबे विमानाने जायला हवे होते. ते त्यांनी स्वतः रचले, मला हात लावू दिला नाही. सगळ्यात वरच्या डब्यावर तांबडी पट्टी चिकटवून त्यावर ठसठशीत अरबी अक्षरांत लिहिलं, इब्राहिम. खाली फ्रेंचमध्ये आणखी एक ओळ होती. फ्रेंच मला येत नव्हतं.

"सावलीतून ने, खूया," ते म्हणाले. "तापू देऊ नको."

मी ट्रंकेवर ओलं गोणपाट टाकलं आणि विमानतळावर गेलो. तिथला जकातीचा मुनशी चहा पीत होता. त्याने ट्रंकेकडे ढुंकूनही पाहिलं नाही. मी हे मुद्दाम सांगतो आहे. त्याने काहीही मागितलं नव्हतं. कागदावर शिक्का मारायला त्याने हात पुढे केला होता. पण एक पेटी आपणहून उघडावी, हे माझ्या हाडीमाशी भिनलेलं. मी ट्रंक उघडली, वरचा डबा काढला, तांबडी पट्टी नखाने सोडवली आणि झाकण काढून डबा त्याच्यासमोर धरला.

त्याने कुतूहलाने हातभर फीत ओढली, खिडकीतल्या उन्हासमोर धरली. "इसमें तो कुछ भी नहीं है."

"अभी नहीं है. बाद में आता है," मी जाणत्याच्या थाटात म्हणालो.

तो हसला, मीही हसलो. फीत गुंडाळली, झाकण लावलं, पट्टी चिकटवली. शिक्का बसला. डबे गेले. कारकून म्हणून मला त्या दिवशी स्वतःचा अभिमान वाटला होता.

तिसऱ्या दिवशी उस्ताद बांधाच्या कडेला बसून कॅमेऱ्यात नवी फीत भरत होते. त्यासाठी त्यांच्याकडे दोन बाह्या असलेली एक काळी पिशवी होती. बाह्यांत हात कोपरापर्यंत घालून ते आंधळ्यासारखे आत चाचपत. हे मी वीसेक वेळा पाहिलं होतं आणि ती पिशवी धुळीसाठी असते असं धरून चाललो होतो. त्या दिवशी उगीच बोलायचं म्हणून म्हणालो, "आज तर वारा नाही, उस्ताद. आज पिशवी कशाला?"

"वाऱ्याचा काय संबंध? उजेड!" ते हसले. "उजेडाचं एक बोट जरी लागलं, तरी खलास. सगळं पांढरं."

पट्टीवरची ती फ्रेंच ओळ काय सांगत होती, ते मला तेव्हा कळलं. त्यांचे हात पिशवीत होते म्हणून त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. पाहिलं असतं तर त्यांना कळलं असतं. मला तिथे, त्या क्षणी सांगता आलं असतं. वाक्य अगदी छोटं होतं. "मी डबा उघडला." पुढे मी ते मनात इतक्या वेळा म्हटलं, की अजून ते कुणाला सांगून झालेलं नाही यावर माझाच विश्वास बसत नसे. त्या दिवशी मी म्हणालो, "अस्सं," आणि पाणी आणायला गेलो.

का सांगितलं नाही, याचा मी पुष्कळ विचार केला आहे. शिक्षेची भीती नव्हती. ते ओरडणारे नव्हतेच. मला आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी आपल्या कामातला जोडीदार मानलं होतं, आणि ती जागा मला घालवायची नव्हती. उद्या सांगू, असं म्हणत मी आठवडा घालवला. मग त्यांचं इथलं काम संपलं आणि जायचा दिवस आला. मी ताप आल्याचा निरोप पाठवला.

ते निरोप घ्यायला स्वतः आले. आमच्या खोलीचं दार मी आतून लावून घेतलं होतं. "खूया," त्यांनी बाहेरून हाक मारली. मी खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडून राहिलो. ते थोडा वेळ थांबले. "बरा हो," म्हणाले. त्यांची पावलं जिन्यावरून उतरताना मी मोजली. बावीस होती.

त्याच हिवाळ्यात बांधावर एक शिळा घसरली आणि इब्राहिम गेला. आम्ही त्याला इथल्याच कबरस्तानात पुरलं. त्याच्या सामानात एकही फोटो नव्हता. लाँचने आलेल्या माणसाकडे पासपोर्ट नसे, त्यामुळे फोटो काढायची वेळही कधी आली नव्हती. त्याच्या घरी पत्र मीच लिहिलं.

त्यानंतर दर दोन वर्षांनी मी गावी जात राहिलो आणि दर खेपेला मुमताज थोडी मोठी झालेली असे. पाच वर्षांची असताना तिने मला पहिल्यांदा विचारलं, "चाचा, माझे बाबा दिसायला कशे होते?" मी सांगितलं. पुढचा दात तुटका होता, केस कुरळे होते, हसताना तोंडावर हात धरायचे. दर वेळी ती विचारायची, दर वेळी मी सांगायचो. तिचं लग्न ठरलं तेव्हाही तिने विचारलं. ऐकताना ती डोळे मिटून घ्यायची, जणू मी सांगेन तसतसं आत कुणीतरी चित्र काढत असावं. मी तिच्याशी कधी खोटं बोललो नाही. फक्त एक वाक्य गाळत आलो. तुझ्या बापाचा चेहरा या जगात एका ठिकाणी होता, आणि तो मी उन्हात धरला.

वर्षं गेली. मी दुबईतच राहिलो, माझी स्वतःची छोटी पेढी झाली, अजमानला घर झालं, मुलं झाली. माझ्या हाताखालच्या कारकुनांना मी मामूंची शिकवण कधी दिली नाही. ते मला धंद्यात कच्चा समजत असावेत.

मी पन्नाशी ओलांडली होती तेव्हाची गोष्ट. माझी मुलगी सकाळी वर्तमानपत्र घेऊन आली. "अब्बा, लुक. फिल्ममेकर फ्रॉम ट्युनिशिया. ही वॉज हिअर इन द सिक्स्टीज. तुम्ही ओळखत होता का?"

छायाचित्रात एक म्हातारा होता. केस पूर्ण गेलेले, पण मान तशीच एका बाजूला कललेली. शारजातल्या एका सभागृहात त्यांचे चित्रपट दाखवणार होते. खाली यादी होती. खाणीवरचा पहिला चित्रपट, ऑलिव्ह तोडणाऱ्या बायकांवरचा, गालिचे विणणाऱ्या पोरींवरचा, फ्रान्समध्ये रस्ते झाडणाऱ्या त्यांच्या देशबांधवांवरचा. काही बंद पाडलेले, काही उशिराने गौरवलेले. आणि शेवटी अकरा मिनिटांचा एक, नुसतं 'खाडी' नावाचा.

मी तासभर आधी जाऊन पोहोचलो. सभागृह रिकामं होतं. ते पहिल्या रांगेत एकटे बसून पाणी पीत होते. मी समोर जाऊन उभा राहिलो. माझेही केस पिकलेले होते. त्यांनी माझ्याकडे दोन क्षण पाहिलं.

"ताप उतरला का, खूया?"

मी काही बोलायच्या आधीच माझे डोळे भरून आले. मग मात्र मी थांबलो नाही. बसलोही नाही. उभ्यानेच सगळं सांगितलं. विमानतळ, मुनशीचा चहा, त्याने न मागता मी उघडलेला डबा, हातभर ओढलेली फीत, खिडकीतलं ऊन. इब्राहिम गेल्याचं सांगितलं. मुमताजचं सांगितलं.

ते ऐकत होते. इब्राहिमचं ऐकताना त्यांनी डोळे मिटले. माझं संपल्यावर त्यांनी शांतपणे विचारलं, "कुठला डबा?"

"वरचा."

"तांबड्या पट्टीचा? वर नाव लिहिलेला?"

"हो."

आणि उस्ताद हसायला लागले. सुरुवातीला घशातल्या घशात, मग खांदे हलवून, मग त्यांना ठसका लागला आणि त्यांचं पाणी मीच त्यांच्या हातात दिलं.

"वरचा डबा तपासणाऱ्यासाठी असतो, खूया! लढाईच्या दिवसांत शिकलो मी हे. सैनिक नेहमी वरचा डबा उघडतात. म्हणून वर त्यांना हवासा वाटेल असा डबा ठेवायचा. साहेबाला इब्राहिम नको होता ना? मग वर इब्राहिमचं नाव. आत क्रेनची वाया गेलेली फीत." त्यांनी डोळे पुसले. "तू क्रेन जाळलीस. त्याबद्दल मी आजन्म तुझा आभारी आहे."

मी त्यांच्या शेजारच्या खुर्चीत बसलो. मामूंची शिकवण आणि उस्तादांची युक्ती एकाच ट्रंकेवर येऊन भेटल्या होत्या, दोघांनीही एकच डबा बळी द्यायला काढला होता, आणि मी मधल्यामध्ये अर्धं आयुष्य जळत राहिलो होतो.

"मला सांगितलं का नाही?" मी विचारलं. माझ्या आवाजात तक्रार होती याची मला लाज वाटली.

ते गंभीर झाले. "नेणाऱ्याला माहीत असलं की त्याचे हात थरथरतात, आणि तपासणारा हात बघतो. म्हणून सांगितलं नाही. तेव्हा ते शहाणपण वाटलं." मग माझा हात हातात घेऊन म्हणाले, "पण तू तीस वर्षं थरथरत राहशील, हे मला कुठे ठाऊक होतं? दारापाशी मी जरा जास्त वेळ उभं राहायला हवं होतं. तापकरी माणूस इतका गप्प पडत नाही, हे मला कळलं होतं."

एवढ्यात लोक येऊ लागले. दिवे मालवायच्या आधी त्यांनी पडद्याकडे हात केला आणि म्हणाले, "आधी तू बघ."

अकरा मिनिटांत क्रेन कुठेच नव्हती. इब्राहिम होता.

चार महिन्यांनी ट्युनिसहून टपालाने एक व्हिडिओ कॅसेट आली. सोबतच्या चिठ्ठीत इंग्रजीत एकच ओळ होती, 'मुलीसाठी. हा डबा बिनधास्त उघड.' मी उत्तर पाठवलं. त्याला आलेलं उत्तर त्यांच्या पुतण्याच्या अक्षरात होतं. उस्ताद झोपेतच गेले होते, शांतपणे. ते पत्र वाचताना मला दुःख झालं, पण त्या दुःखाला लपवण्यासारखं काही नव्हतं. मोकळेपणाने रडता येईल असं माणूस गेल्याचं दुःख मला त्या वयात प्रथमच मिळालं.

कॅसेट घेऊन मी गावी गेलो. मुमताज आता तिशीची, दोन मुलांची आई. शेजाऱ्यांकडून व्हिडिओ आणवला होता. दुपारची वेळ, पडवीत सगळा मोहल्ला. तिला आधी मी माझं गाळलेलं वाक्य सांगितलं, पुरतं, सुरुवातीपासून. ती म्हणाली, "चाचा, तेवढं मनात धरून इतकी वर्षं येत राहिलात? आता बसा. लावा ते."

पडद्यावर खाडी आली. गलबतं आली. मग तो आला. तुटका दात, कुरळे केस, तोंडावरून खाली येणारा हात. तो बोलत होता आणि आवाज नव्हता. मुमताज गुडघ्यांवर सरकत पार पडद्याजवळ गेली. तिची आई भिंतीला टेकून होती, ती हलली नाही.

"ओठ बघा," मुमताज म्हणाली. "मिटले. परत मिटले. माझं नाव घेतायत."

तिने ते पुन्हा लावायला सांगितलं, आणि पुन्हा. चौथ्या खेपेला तिचं लक्ष बापाच्या चेहऱ्यावरून खाली गेलं. कलत्या उन्हात इब्राहिमच्या पायांशी, दगडांवर, एक लांब सावली पडलेली होती. मान एका बाजूला कललेली, दोन्ही हात चेहऱ्याशी उचललेले. दुसऱ्या कुणी ती कापून टाकली असती. उस्तादांनी ठेवली होती.

"ही सावली कुणाची, चाचा?"

"दार वाजवून आत आलेल्या माणसाची," मी म्हणालो.

तिने मान डोलावली आणि डोक्यावरचा पदर सारखा केला, घरात वडीलधारं कुणी आलं की बायका करतात तसा.